हुजूर पक्ष आणि कातडीचा रंग

1888 च्या नोव्हेंबरअखेर एडिंबरोच्या सभेत ब्रिटनचे पंतप्रधान लॉर्ड सॉल्झबरी बोलता बोलता घसरले. दोन वर्षांपूर्वी लंडनच्या होबर्न मतदारसंघात दादाभाई नौरोजी पडले होते, त्याचा विषय निघाला. इंग्रज माणूस कितीही सुधारला तरी एखाद्या काळ्याला निवडून देण्याइतका अजून सुधारलेला नाही, अशा अर्थाचे ते काहीतरी बोलून गेले. दादाभाई पारशी, वर्णाने उजळ. सॉल्झबरींपेक्षा तेच गोरे दिसतात, अशी थट्टा लंडनच्या वर्तमानपत्रांत रंगली. त्या एका वाक्याने दादाभाईंचे नाव घरोघर पोचले आणि 1892 मध्ये उदारमतवादी पक्षाचे उमेदवार म्हणून ते फिन्सबरीतून निवडूनही आले. मताधिक्य हाताच्या बोटांवर मोजण्याइतके, पण विजय तो विजयच.

इथपर्यंतची गोष्ट आपल्याला पाठ असते. पुढची फारशी कोणी सांगत नाही. 1895 मध्ये दादाभाई हरले आणि त्याच निवडणुकीत दुसरे एक मुंबईकर पारशी, मंचेरजी भावनगरी, लंडनच्या पूर्व भागातल्या बेथनल ग्रीनमधून पार्लमेंटात गेले. पक्ष कोणता, तर सॉल्झबरींचाच. कॉन्झर्व्हेटिव्ह, म्हणजे आपल्या वर्तमानपत्रांचा हुजूर पक्ष. भावनगरींनी पाडले ते जॉर्ज हॉवेल यांना. हॉवेल गवंडीकामातून वर आलेले कामगार पुढारी. मुंबईहून आलेल्या एका काळ्या परक्याने मला हुसकावले, अशी चरफड त्यांनी केली. सात वर्षांत सगळे उलटे झाले: सॉल्झबरींच्या तोंडचा शब्द कामगार पुढाऱ्याच्या तोंडी आला आणि ज्याला तो लावला ते गृहस्थ सॉल्झबरींच्या पक्षाच्या बाकावर जाऊन बसले.

पुराणमतवादी राजकारण आणि वर्ण यांचे नाते समजून घ्यायचे तर हुजूर पक्षाइतके चांगले उदाहरण दुसरे नाही. अमेरिकेतल्या पक्षांच्या भूमिकांची अदलाबदल अधिक गाजली, पण ब्रिटनची गोष्ट अधिक गुंतागुंतीची आहे आणि तिच्यात आपली माणसे जागोजागी भेटतात. माझ्या मते तेव्हापासूनच्या सव्वाशेहून अधिक वर्षांत एक गोष्ट फारशी बदललेली नाही. माणूस एकटा आला तर हा पक्ष त्याची निष्ठा पाहतो. राजमुकुट, मालमत्ता, कुटुंब, कायदा यांपुढे तो मान लववतो ना, मग रंगाचे पुढे बघू. पण माणसे जथ्याने येऊ लागली की पहिली नजर रंगावर जाते. एकट्याला आत घेणे आणि जथ्याला अडवणे ही दोन्ही कामे पक्षाने एकाच वेळी केली आहेत आणि त्यात आपण काही विसंगत वागतो आहोत असे त्याला कधी वाटलेले नाही.

भावनगरींच्या काळातच याचा दाखला मिळतो. ते ब्रिटिश राजवटीचे कट्टर समर्थक, त्यामुळे काँग्रेसवाले त्यांच्यावर खार खाऊन असत. दक्षिण आफ्रिकेतल्या हिंदी लोकांसाठी मात्र ते पार्लमेंटात भांडले, गांधींशी त्यांचा पत्रव्यवहार होता. त्यांच्या मतदारसंघाच्या आसपासच रशियातून पळून आलेल्या ज्यू कुटुंबांची वस्ती वाढत होती. शेजारच्या स्टेपनीचे हुजूरपक्षीय खासदार विल्यम इव्हान्स-गॉर्डन यांनी त्या वस्तीविरुद्ध रान उठवले आणि बाल्फोर सरकारने 1905 मध्ये परकीयांना रोखणारा पहिला आधुनिक कायदा केला. हा तोच पक्ष, ज्याने ज्यू घरात जन्मलेल्या डिझरायलीला दोनदा पंतप्रधान केले होते.

साम्राज्य होते तोवर हे सगळे एका छत्रीखाली झाकले जाई. राजाची प्रजा कोणत्याही रंगाची असली तरी प्रजाच, असे तत्त्व सांगायला सोपे होते, कारण बहुतेक प्रजा आपापल्या देशात समुद्रापलीकडे राहत होती. 1948 च्या नागरिकत्व कायद्याने हे तत्त्व कागदावर आणले आणि वसाहतीतल्या माणसाला ब्रिटनमध्ये येऊन राहण्याचा हक्क पक्का झाला. कायदा मजूर पक्षाच्या ॲटली सरकारचा. त्याच वर्षी 22 जूनला जमैकाहून आलेली शेकडो माणसे ‘एम्पायर विंडरश’ बोटीतून टिलबरीला उतरली. युद्धानंतर कामाला हात कमी पडत होते. बस, रेल्वे, ओतशाळा, रुग्णालये, सगळीकडे माणसे हवी होती. ती आली आणि छत्री फाटली.

चर्चिल सरकारने प्रत्यक्षात काही केले नाही, पण इंग्लंड गोरे ठेवा ही निवडणुकीची घोषणा चांगली होईल असे चर्चिल यांना वाटत होते, हे हॅरोल्ड मॅकमिलन यांच्या 1955 च्या रोजनिशीवरून कळते. पुढे मॅकमिलन स्वतः पंतप्रधान असताना 1962 चा राष्ट्रकुल स्थलांतर कायदा झाला. तो वाचून पाहावा. त्यात रंगाचा उल्लेख शोधून सापडत नाही. कामाचे परवाने, कौशल्यांच्या श्रेण्या, अशी निव्वळ कारकुनी भाषा. आयर्लंडहून येणाऱ्यांना मात्र व्यवहारात मोकळीक. रोख प्रामुख्याने गोऱ्येतरांवरच आहे आणि तसाच तो पडेल, हे गृहमंत्री रॅब बटलर यांनी मंत्रिमंडळापुढच्या टिपणात आधीच लिहून ठेवले होते. हुजूर पक्षाने त्या वेळी शोधलेली ही युक्ती पुढे सर्वांनी उचलली. कायदा रंगाचे नाव घेत नाही, तो फक्त अशी अट घालतो जी एका रंगाच्या माणसांना सहज पुरी करता येते आणि दुसऱ्यांना येत नाही.

1964 ची स्मेथिकची निवडणूक या प्रकरणातली सर्वात घाणेरडी. बर्मिंगहॅमलगतचे हे कारखान्यांचे गाव, ओतशाळांत पंजाबी कामगार मोठ्या संख्येने. सगळ्या देशात वारे मजूर पक्षाचे होते, आणि स्मेथिकमध्ये मजूर पक्षाचे संभाव्य परराष्ट्रमंत्री पॅट्रिक गॉर्डन वॉकर पडले. निवडून आले हुजूर पक्षाचे पीटर ग्रिफिथ्स. काळा शेजारी हवा असेल तर मजूर पक्षाला मत द्या, अशा आशयाची अत्यंत अश्लाघ्य निनावी पत्रके गावभर फिरली होती. ती आपली नव्हेत असे ग्रिफिथ्स म्हणाले, पण निषेध करायला तयार झाले नाहीत. ती लोकभावना आहे, हे त्यांचे उत्तर. फेब्रुवारी 1965 मध्ये तिथल्या हिंदी कामगार संघटनेच्या निमंत्रणावरून अमेरिकेतले कृष्णवर्णीय नेते माल्कम एक्स स्मेथिकला येऊन गेले. मार्शल स्ट्रीटवरची रिकामी घरे नगरपालिकेने विकत घेऊन फक्त गोऱ्यांना द्यावीत अशी तिथल्या काही रहिवाशांची मागणी होती, ती गल्ली त्यांनी फिरून पाहिली. दीड वर्षात ग्रिफिथ्स पडले. पण मजूर पक्ष यातून जे शिकला ते चांगले नव्हते. 1962 च्या कायद्याला कडाडून विरोध करणाऱ्या या पक्षाने 1965 मध्ये कामाचे परवाने वर्षाला 8,500 वर आणले.

आता हुजूर पक्षाचेच इनॉक पॉवेल. त्यांना नुसते वर्णद्वेष्टे म्हणून बाजूला सारणे सोपे आहे, आणि त्यांचे एप्रिल 1968 चे भाषण त्याच लायकीचे होते. पण त्यांना वगळून ही गोष्ट कळत नाही. पंचविशीत ग्रीकचा प्राध्यापक झालेला हा माणूस युद्धकाळात दिल्लीत लष्करी हेरखात्यात होता. हिंदुस्थानच्या प्रेमात पडला, उर्दू शिकला, एक दिवस व्हाइसरॉय व्हायचे स्वप्न पाहू लागला. 1947 ने ते स्वप्न मोडले. साम्राज्य गेल्यावर राष्ट्रकुल हे निव्वळ ढोंग आहे, आता इंग्लंडने फक्त इंग्लंड व्हावे, या निष्कर्षाला ते आले. 1959 मध्ये केनियातल्या होला छावणीत पहारेकऱ्यांनी अकरा कैद्यांना मारून टाकले, तेव्हा आफ्रिकेत एक न्याय आणि घरी दुसरा असे चालणार नाही, म्हणून स्वतःच्या सरकारला धारेवर धरणारे हेच पॉवेल. नंतर तीन वर्षे ते आरोग्यमंत्री होते आणि वसाहतींतून आलेल्या परिचारिकांवर त्यांच्याच खात्याची रुग्णालये चालत होती.

20 एप्रिल 1968 ला बर्मिंगहॅमच्या मिडलंड हॉटेलात त्यांनी स्थलांतरितांमुळे देशात रक्तपात होईल अशा अर्थाचे भाकीत केले. दुसऱ्याच दिवशी पक्षनेते एडवर्ड हीथ यांनी त्यांना छाया मंत्रिमंडळातून काढले. त्यानंतर काही दिवसांत लंडनचे गोदी कामगार पॉवेल यांच्या बाजूने पार्लमेंटवर मोर्चा घेऊन आले. गोदी कामगार, म्हणजे मजूर पक्षाचे हक्काचे मतदार! जनमत चाचणीत सुमारे तीन-चतुर्थांश लोकांनी पॉवेल यांच्या म्हणण्याला पाठिंबा दिला. हुजूर पक्षाच्या धोरणकर्त्यांना त्या आठवड्यात एक गोष्ट कळून चुकली: कामगार वर्गाच्या मतांची तिजोरी उघडणारी किल्ली त्यांच्याच एका बडतर्फ माणसाच्या हाती होती. हीथ यांनी ती उचलली नाही. दहा वर्षांनी थॅचरबाईंनी उचलली.

त्याआधी हीथ यांच्या पदरात एक पुण्य टाकले पाहिजे. 1968 मध्ये केनियातले ब्रिटिश पासपोर्टधारी हिंदी लोक येऊ लागले तेव्हा मजूर पक्षाच्या सरकारने तीन दिवसांत कायदा मंजूर करून त्यांना अडवले. पासपोर्ट ब्रिटिश असून भागेना, आईबाप किंवा आजीआजोबा ब्रिटनमधले हवेत, अशी अट आली. हुजूर पक्षातल्या इयन मॅक्लाउड यांनी या कायद्याविरुद्ध मत दिले, कारण स्वातंत्र्य देताना या लोकांना शब्द दिला गेला होता. ऑगस्ट 1972 मध्ये इदी अमीनने युगांडातल्या आशियाईंना नव्वद दिवसांची मुदत दिली, तेव्हा पंतप्रधान हीथ होते. पॉवेल गरजले, पक्षातला उजवा गट संतापला, लेस्टरच्या नगरपालिकेने तर युगांडातल्या वर्तमानपत्रात जाहिरात देऊन आमच्या गावात येऊ नका असे कळवले. हीथ यांनी सुमारे 28 हजार माणसे घेतली. त्यांतली पुष्कळशी नेमकी लेस्टरलाच गेली. मात्र याच सरकारच्या 1971 च्या स्थलांतर कायद्याने आजीआजोबांची अट अधिक पक्की करून ठेवली होती, हेही नोंदवायला हवे.

थॅचरबाईंचा हिशेब अधिक रोखठोक होता. जानेवारी 1978 मध्ये दूरचित्रवाणीवरच्या मुलाखतीत, वेगळ्या संस्कृतीच्या लोकांखाली आपण बुडून जाऊ अशी लोकांना भीती वाटते, असे त्या म्हणाल्या. चाचण्यांत पक्ष वर चढला. उघड वर्णद्वेषी नॅशनल फ्रंट हा पक्ष 1979 च्या निवडणुकीत आपटला आणि पुन्हा कधी सावरला नाही. थॅचर यांच्या समर्थकांच्या मते त्यांनी अतिरेक्यांची हवा काढून घेतली. विरोधकांच्या मते त्यांनी ती हवा आपल्या शिडात भरून घेतली. मला दोन्ही एकाच घटनेची वर्णने वाटतात. मग 1981 चा नागरिकत्व कायदा आला आणि ब्रिटनच्या भूमीवर जन्मलेला प्रत्येकजण आपोआप नागरिक, हा शतकानुशतकांचा नियम संपला. दोन वर्षांनी, 1983 च्या निवडणुकीत, याच पक्षाने सुटाबुटातल्या एका कृष्णवर्णीय तरुणाचे छायाचित्र छापून जाहिरात केली: मजूर पक्षाच्या लेखी हा काळा आहे, आमच्या लेखी ब्रिटिश. एकटा माणूस आणि जथा, दोघांसाठी एकाच सरकारची दोन वेगळी धोरणे!

1990 मध्ये हुजूर पक्षाचे नेते नॉर्मन टेबिट यांनी क्रिकेटची कसोटी सांगितली. ब्रिटनमधला आशियाई माणूस सामन्यात कोणाच्या बाजूने ओरडतो यावरून तो रुळला की नाही ते ओळखावे. (सिडनीच्या मैदानात जो बार्मी आर्मी नावाचा इंग्रज घोळका गात बसतो, त्यात ऑस्ट्रेलियात स्थायिक झालेले किती असतात, हे टेबिटसाहेबांना कोणी विचारले नसावे.) त्याच सुमारास चेल्टनहॅम या खात्रीच्या जागेवर पक्षाने जॉन टेलर या कृष्णवर्णीय बॅरिस्टरला उमेदवारी दिली, तर स्थानिक शाखेतच बंड झाले आणि 1992 मध्ये जागा हातची गेली. 1997 च्या दारुण पराभवानंतर पार्लमेंटात हुजूर पक्षाचा एकही गोऱ्येतर खासदार उरला नाही.

पुढचा बदल मात्र खरोखर झपाट्याचा आहे, आणि तो कसा घडला यात भावुकतेला जागा नाही. 2005 मध्ये पक्षनेते झालेल्या डेव्हिड कॅमेरून यांनी मुख्यालयात पसंतीच्या उमेदवारांची यादी तयार केली, तीत स्त्रिया आणि गोऱ्येतर मुद्दाम घेतले आणि खात्रीच्या मतदारसंघांच्या शाखांवर ती यादी लादली. 2010 मध्ये दोनाचे अकरा खासदार झाले. प्रीती पटेल एसेक्समधल्या विटमच्या. पॉवेल यांच्या जुन्या वुल्वरहॅम्प्टन नैर्ऋत्य मतदारसंघातून निवडून आले पॉल उप्पल, एक शीख. 2015 मध्ये ऋषी सुनक यॉर्कशरच्या रिचमंडमधून आले. आता या जागांकडे नीट पाहा. विटम, रिचमंड, सुएला ब्रेव्हरमन यांचे फेअरहॅम, केमी बेडनॉक यांचे सॅफरन वॉल्डन: सगळ्या बहुतांशी गोऱ्या, सुखवस्तू, पिढीजात हुजूरपक्षीय. मजूर पक्षाचे गोऱ्येतर खासदार पूर्वापार गोऱ्येतर वस्त्यांतून येत. त्यांना आपल्या समाजाचे गाऱ्हाणे मांडावेच लागे. हुजूर पक्षाचे गोऱ्येतर खासदार गोऱ्यांच्या मतांवर आले, त्यामुळे त्यांच्यावर तसे कोणतेही ऋण नव्हते. दुसरीकडे 2010 मध्ये गोऱ्येतर मतदारांपैकी जेमतेम 16 टक्क्यांनी या पक्षाला मत दिले होते. नेते बदलले, मतदार फारसे बदलले नाहीत.

याचा सर्वात बोलका परिणाम गृहखात्यात दिसला. थेरेसा मे गृहमंत्री असताना बेकायदा राहणाऱ्यांचे जगणे अवघड करण्याचे धोरण आखले गेले. घरमालक, बँका, डॉक्टर, सगळ्यांनी कागदपत्रे तपासायची. 2018 मध्ये उघड झाले की यात लहानपणी कॅरिबियनमधून कायदेशीर आलेली, आयुष्यभर कर भरलेली म्हातारी माणसे चिरडली गेली. कोणाची नोकरी गेली, कोणाचे कर्करोगाचे उपचार अडले, कोणाला देशाबाहेर पाठवले. गृहमंत्री ॲम्बर रड यांनी राजीनामा दिला आणि त्यांच्या जागी आले साजिद जाविद, पाकिस्तानातून आलेल्या बस ड्रायव्हरचे चिरंजीव. तिथून 2024 पर्यंत जाविद, पटेल, ब्रेव्हरमन, जेम्स क्लेव्हर्ली, असे गोऱ्येतर गृहमंत्री जवळजवळ सलग झाले. मध्ये ग्रँट शॅप्स आले ते सहा दिवसांपुरते. आणि याच काळात धोरण सर्वात कठोर झाले. आश्रय मागणाऱ्यांना रवांडाला पाठवण्याची योजना पटेल यांची. आपल्याच नव्या नियमांत आपले आईवडील कदाचित बसले नसते, हे त्यांनी 2020 मध्ये एका मुलाखतीत कबूल केले होते. ब्रेव्हरमन यांचे वडील मूळ गोव्याचे, केनियातून आलेले. आई मॉरिशसची, सरकारी रुग्णालयात परिचारिका. पण भारताबरोबरच्या व्यापार करारामुळे भारतीयांची ये-जा वाढेल या भीतीने त्यांनी ऑक्टोबर 2022 मध्ये जाहीर नाराजी दाखवली.

यांना ‘घरभेदी’ म्हणून मोकळे होणारे खूप आहेत. मला ते उथळ वाटते. यांतल्या बऱ्याच जणांच्या घरांचा इतिहास पूर्व आफ्रिकेचा आहे. दुकान, हिशेब, शिक्षण यांवर उभी राहिलेली आणि एका फर्मानासरशी किंवा त्याच्या धास्तीने उठलेली कुटुंबे. मालमत्तेचे आणि कायद्याचे मोल त्यांना कोणी शिकवावे लागले नाही. ब्रिटनमध्ये आपण हक्काने आलो, उपकाराने नव्हे, ही त्यांची पक्की समजूत. त्यामुळे ‘आम्ही रीतसर आलो, तुम्ही घुसता’ हे म्हणताना त्यांची जीभ अडखळत नाही. पण हेही खरे की जे वाक्य गोऱ्या मंत्र्याने उच्चारले असते तर गहजब झाला असता, ते यांच्या तोंडून खपून गेले आणि पक्षाला ते पक्के ठाऊक होते.

जथाही आता एकसंध राहिलेला नाही. 2016 मध्ये लंडनच्या महापौरपदासाठी हुजूर पक्षाचे उमेदवार झॅक गोल्डस्मिथ यांनी भारतीय आडनावांच्या घरांत पत्रके वाटली. मजूर पक्षाचे सादिक खान आले तर घरच्या दागिन्यांवर कर बसेल असा इशारा त्यात होता आणि मोदींशी जवळीकही मिरवली होती. पुष्कळांना ही सोनसाखळीची भीती अपमानास्पद वाटली आणि गोल्डस्मिथ हरले. जातीच्या प्रश्नावर मात्र बाण बरोबर लागला. जातिभेदाला समता कायद्याखाली आणावे, अशी मागणी ब्रिटनमधल्या दलित आणि आंबेडकरी संघटना वर्षानुवर्षे करत होत्या. 2013 मध्ये पार्लमेंटने तशी तरतूद करण्याचे सरकारवर बंधनही घातले. अनेक हिंदू संघटनांनी विरोध केला, हॅरो ईस्टचे हुजूरपक्षीय खासदार बॉब ब्लॅकमन त्यांच्या बाजूने उभे राहिले आणि 2018 मध्ये मे सरकारने कायदा न करता न्यायालयांवर सोपवण्याचा निर्णय घेतला. ज्या लंडनमध्ये बाबासाहेब शिकले, जिथले त्यांचे घर महाराष्ट्र सरकारने विकत घेऊन स्मारक केले, तिथल्या या निर्णयाची बातमी मराठी वर्तमानपत्रांत मोठी व्हायला हवी होती. 2024 च्या निवडणुकीत पक्ष 121 जागांवर आला, तेव्हा निम्म्याहून अधिक मते घेऊन निवडून आलेले त्याचे एकमेव खासदार ब्लॅकमन होते. आणि विरोधकांकडून नव्याने जिंकलेली एकमेव जागा होती लेस्टर ईस्ट, गोवेकर घराण्यातले कीथ वाझ यांनी मजूर पक्षासाठी बत्तीस वर्षे राखलेली. या वेळी वाझ स्वतःच वेगळे उभे राहिले, मते फुटली आणि शिवानी राजा निवडून आल्या. त्याआधी बावन्न वर्षे येऊ नका म्हणून जाहिरात देणारे गाव ते हेच.

सुनक ऑक्टोबर 2022 मध्ये ऐन दिवाळीत पंतप्रधान झाले, तेव्हा आपल्याकडे पेढे वाटले गेले. त्यांच्याच सरकारने पुढे कुशल कामगारांच्या व्हिसासाठी किमान पगाराची अट 38,700 पौंडांवर नेली आणि वृद्धांची शुश्रूषा करायला येणाऱ्यांना कुटुंब आणण्याची बंदी केली. गंमत अशी की ब्रेक्झिटनंतर याच पक्षाच्या नियमांमुळे युरोपीय कमी झाले, भारतीय आणि नायजेरियन वाढले आणि निव्वळ स्थलांतर एका वर्षात नऊ लाखांच्या पुढे गेले होते. पुण्या-नाशिकहून नोकरीसाठी किंवा शिकायला जाणाऱ्या मराठी मुलांनी हे नीट समजून घ्यावे. तिथे पटेल, सुनक आडनावे मंत्रिमंडळात दिसली म्हणून आपल्याला दार सैल होईल असे नाही. ती माणसे आतली आहेत, तुम्ही अजून जथ्यात आहात.

नोव्हेंबर 2024 पासून पक्षाच्या नेत्या केमी बेडनॉक आहेत, आईवडील नायजेरियन. नेत्या झाल्यावर फेब्रुवारी 2025 मध्ये त्यांनी जाहीर केलेले पहिले मोठे धोरण होते कायम वास्तव्याचा परवाना पाचाऐवजी दहा वर्षांनी देण्याचे. त्यांचा स्वतःचा जन्म विम्बल्डनमधला, जानेवारी 1980 चा. थॅचरबाईंचा नागरिकत्व कायदा लागू झाला 1 जानेवारी 1983 ला. तीन वर्षे उशिरा जन्मल्या असत्या, तर विम्बल्डनमध्ये जन्मल्याच्या बळावर ब्रिटिश पासपोर्ट त्यांना मिळाला नसता.